सुपर निन्टेन्डोची वाद्यं सॅम्पलरमध्ये टाकली की कणसूर होतात: कारणं आणि उपाय

गेममधून काढलेली बासरी साउंडफाँटमध्ये (सॅम्पलरला, म्हणजे रेकॉर्ड केलेले आवाज पट्ट्यांवर वाजवणाऱ्या सॉफ्टवेअरला, वाद्यं पुरवणारी फाइल) भरली, कीबोर्डवर एक पट्टी दाबून धरली. सुरुवात झकास, अगदी सुरात. पण क्षणात स्वर थोडा खाली घसरतो आणि पट्टी सोडेपर्यंत तिथेच राहतो. फाइन ट्यून फिरवून मागचा भाग सुरात आणावा, तर आता सुरुवातच चढी लागते. वैतागून दुसरीकडचा सॅम्पल पॅक उतरवून घ्यावा, तर त्यातली बासरी जमते आणि ट्रम्पेट बिघडतो. गंमत म्हणजे त्याच पॅकमधला कोरस किंवा व्हायोलिनचा ताफा सहसा बेसूर होत नाही.

सुपर निन्टेन्डोच्या (जपानात सुपर फॅमिकॉम, १९९०) आवाजांवर काम करणाऱ्या बहुतेकांच्या वाट्याला हे येतंच. एका वाद्यापुरतं मिटलं तरी पुढच्या वाद्याला परत उभं राहतं, कारण दोष त्या वाद्यात नसतोच. दाबून धरलेला स्वर चालू राहावा म्हणून सॅम्पलचा (रेकॉर्ड केलेल्या आवाजाचा) एक तुकडा परत परत फिरवतात, तो लूप; त्या मशीनमधून तुमच्या सॅम्पलरपर्यंत येताना या लूपचे आकडे कुठेतरी हलतात. कधी एकाने, कधी काही टक्क्यांनी. ट्यूनच्या बटणाला हात लावायच्या आधी दोन गोष्टी कानाने तपासा: स्वर किती हललाय आणि कधी हललाय. या दोन उत्तरांवरून घोळ कुठे झाला ते बहुतेक वेळा नेमकं सांगता येतं.

एक खुलासा आधीच करतो. आपल्याकडे नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडून खेळायचो ती स्वस्तातली पिवळ्या-काळ्या कॅसेटची यंत्रं त्याआधीच्या ८ बिट फॅमिकॉमच्या नकला होत्या. त्यांचा आवाज चिपमध्ये जागच्या जागी तयार व्हायचा: दोन चौकोनी लहरी, एक त्रिकोणी, एक खरखर, आणि रेकॉर्ड केलेल्या आवाजासाठी एकच जेमतेम चॅनेल. तिथे वाद्यांचे सॅम्पल जवळपास नसतातच. तो आवाज हवा असेल तर साधा सिंथ लावा, खालचं काहीही तुमच्या कामाचं नाही.

मशीनच्या आत काय चालतं

सुपर निन्टेन्डोच्या आवाजाचा सगळा कारभार सोनीच्या चिपकडे होता: एसपीसी७०० हा ८ बिटचा प्रोसेसर आणि जोडीला प्रत्यक्ष आवाज घडवणारा डीएसपी. रचना केन कुतारागी यांची, पुढे ज्यांनी प्लेस्टेशन उभं केलं तेच. एकाच वेळी ८ आवाज, सेकंदाला ३२,००० बिंदू (लहरीच्या उंचीची एकेक नोंद), आणि मेमरी फक्त ६४ किलोबाइट. त्या ६४ किलोबाइटमध्ये संगीत वाजवणारा प्रोग्रॅम, गाण्याचं नोटेशन, सगळी वाद्यं आणि वर एकोला लागणारी जागा, असं सगळं कोंबायचं. आजच्या फोनवरच्या एका साध्या फोटोलाही याहून कितीतरी जास्त जागा लागते.

जागा वाचवण्यासाठी दोन युक्त्या वापरल्या जात. पहिली बीआरआर नावाची कॉम्प्रेशनची पद्धत: आवाजाचे १६ बिंदू ९ बाइटच्या एका ठोकळ्यात बसवायचे. त्यातला पहिला बाइट माहितीचा, बाकी आठांमध्ये प्रत्येकी दोन बिंदू. दुसरी युक्ती लूपची. वाद्याचा सुरुवातीचा फुंकर किंवा आघात तेवढा खराखुरा ठेवायचा आणि त्यानंतर एक तुकडा, बऱ्याचदा लहरीचं एकच आवर्तन, फिरवत राहायचं. लूप ठोकळ्याच्या सुरुवातीलाच सुरू होतो आणि ठोकळ्याच्या शेवटीच संपतो, त्यामुळे लूपची लांबी कायम १६ च्या पटीत येते: १६, ३२, ४८, ६४. कोरस किंवा व्हायोलिनसारख्या वाद्यांचे लूप हजारो बिंदूंचे असतात. बासरी, ऑर्गन, लीड यांचे ६४ किंवा ३२ चे.

सगळ्या भानगडीचं मूळ या छोट्या लूपांत आहे.

आधी तंबोरा लावा

मोबाइलवर तंबोऱ्याचं कुठलंही अ‍ॅप चालेल. ज्या पट्टीत गाणं आहे ती लावा, वर तुमच्या वाद्याचा एकच लांब स्वर धरा, एको, रिव्हर्ब, व्हायब्रॅटो सगळं बंद करून. मग असं ऐका:

स्वर पहिल्यापासूनच चुकीचा आणि शेवटपर्यंत तेवढाच चुकीचा असेल, तर घोळ सॅम्पल रेट (सेकंदाला किती बिंदू) किंवा मूळ पट्टीत (सॅम्पल जसाच्या तसा ज्या पट्टीवर वाजतो ती) आहे. सुरुवात सुरात आणि नंतर घसरत असेल, तर लूपच्या लांबीत. मधली पट्टी बरोबर, पण वर-खाली जाल तसा फरक वाढत असेल, तर सॅम्पलरमधलं की ट्रॅकिंग (पट्टी बदलली की स्वर किती बदलायचा ते) १०० टक्क्यांवर नाही. ते सरळ करा आणि पुढचं वाचायची गरज नाही. एकेकटं वाद्य ठीक, पण दोन-तीन एकत्र वाजवल्यावर आवाज लहरत असेल, तर कुणीतरी सॅम्पल रीसॅम्पल केलेत, म्हणजे दुसऱ्या रेटला बदललेत.

पहिल्यापासूनच चूक असेल तर

सर्वांत सोपं प्रकरण रेटचं. मूळ आवाज ३२,००० हर्ट्झचा आहे. तो कच्च्या स्वरूपात आणताना प्रोग्रॅमने ४४,१०० धरला, तर सगळं साधारण साडेपाच सेमीटोन वर चढतं, म्हणजे ना मध्यम ना पंचम असं अधांतरी वाजतं. ४८,००० धरला तर बरोबर दीडपट: सा दाबला की पंचम वाजतो. म्हणून ‘सगळं पंचमाने वर गेलंय’ असं ऐकू आलं की आणखी काही बघू नका, फाइलच्या हेडरमध्ये (सुरुवातीच्या माहितीत) रेट ३२,००० करा. फक्त हेडर बदलायचा. रूपांतर करायचं नाही. या दोन गोष्टींत काय फरक आहे ते पुढे येतंच.

दुसरं प्रकरण मूळ पट्टीचं, आणि इथे थोडं गणित करावं लागतं. ६४ बिंदूंच्या लूपमध्ये लहरीचं एक आवर्तन असेल तर स्वराची कंपनसंख्या ३२,००० भागिले ६४, म्हणजे ५०० हर्ट्झ. सर्वांत जवळचा स्वर बी, हार्मोनियमवर पांढरी सात, ४९३.९ हर्ट्झचा. म्हणजे हा सॅम्पल जन्मजात २१ सेंट चढा आहे (एका सेमीटोनचे १०० सेंट). ३२, १२८ आणि २५६ चे लूपही असेच, पांढरी सातपेक्षा २१ सेंट वर, फक्त सप्तक वेगळं. ४८ आणि ९६ चे लूप पांढरी तीनपेक्षा १९ सेंट वर. ८० चा लूप ४०० हर्ट्झ, पांढरी पाचपेक्षा ३५ सेंट वर. ११२ चा तर काळी एक आणि पांढरी दोन यांच्या जवळजवळ मधोमध, धड इकडचा ना तिकडचा. लूपमध्ये एकाऐवजी दोन आवर्तनं दिसली तर कंपनसंख्या दुप्पट धरा.

गेममध्ये हे बेसूर का वाजत नाही? कारण संगीताच्या प्रोग्रॅममध्ये प्रत्येक वाद्यापुढे दुरुस्तीचा आकडा लिहिलेला असतो. निन्टेन्डोच्या स्वतःच्या अशा प्रोग्रॅममध्ये दर वाद्याला ६ बाइट मिळतात: सॅम्पलचा क्रमांक, एन्व्हलपचे (आवाज कसा चढतो-उतरतो त्याचे) दोन, गेनचा एक, आणि शेवटचे दोन ट्यूनिंगचे. तुम्ही फक्त सॅम्पल उचलला की तो आकडा मागेच राहतो. म्हणून तो आपल्याला परत भरावा लागतो.

आणि भरताना लोक हमखास अडकतात ते चिन्हात. एसएफ२ साउंडफाँटमध्ये जो आकडा द्यायचा तो ‘किती दुरुस्ती करायची’ हा आहे. सॅम्पल २१ सेंट चढा, तर तिथे उणे २१. वेव्ह फाइलच्या आतल्या माहितीत मात्र ‘मूळ पट्टीपेक्षा सॅम्पल किती वर आहे’ हे लिहितात, म्हणजे अधिक २१. एकीकडचा आकडा दुसरीकडे तसाच उतरवला की चूक मिटायच्या ऐवजी दुप्पट होते, ४२ सेंट. एखादा सॅम्पल ‘ट्यून केल्यावर आणखी बिघडला’ असं वाटलं तर आधी चिन्ह उलटं करून बघा. बऱ्याचदा तेवढ्यानेच काम होतं.

सुरुवात सुरात, मग घसरण

आता मुख्य मुद्दा. वेव्ह फाइलच्या पोटात ‘एसएमपीएल’ नावाचा एक छोटा कप्पा असतो, त्यात लूपची सुरुवात आणि शेवट लिहिलेला असतो. वेव्हच्या पद्धतीत ‘शेवट’ म्हणजे लूपमध्ये वाजणारा शेवटचा बिंदू. एसएफ२ च्या पद्धतीत ‘शेवट’ म्हणजे लूप संपल्यानंतरचा पहिला बिंदू. तुमचा लूप २००० व्या बिंदूपासून ६४ बिंदूंचा असेल, तर वेव्हमध्ये शेवट २०६३ आणि एसएफ२ मध्ये २०६४ लिहायचा. एकाचा फरक.

एवढ्याशा फरकाने काय होणार, असं वाटतं. तर २०६३ हा आकडा एसएफ२ मध्ये तसाच गेला की लूप ६३ बिंदूंचा होतो आणि स्वर २७ सेंट चढतो. उलट, २०६४ वेव्हमध्ये गेला आणि लूपच्या पुढे फाइलमध्ये काही बिंदू शिल्लक असले, की लूप ६५ चा होतो आणि स्वर २७ सेंट उतरतो. सुरुवातीचा फुंकर लूपच्या बाहेर असतो, त्यामुळे त्याला काहीच होत नाही. तो सुरात, पुढचं कणसूर. ३२ च्या लूपला हाच एकाचा फरक ५३ सेंटचा पडतो, म्हणजे अर्धा सेमीटोन. १६ च्या लूपला चक्क एक अख्खा सेमीटोन. आणि हजारभर बिंदूंच्या लूपला दोन सेंटही नाही, म्हणूनच कोरस आणि व्हायोलिन नेहमी सहीसलामत सुटतात. पॅकमध्ये लांब लूपची वाद्यं सुरात आणि छोट्या लूपची बेसूर असं चित्र दिसलं, की पॅक बनवणाऱ्याच्या टूलने एकाची चूक केलीय हे जवळजवळ नक्की.

उपाय फाइन ट्यूनचा नाही. साउंडफाँट असेल तर पॉलिफोनसारख्या एडिटरमध्ये उघडा आणि लूपचा शेवट वजा सुरुवात किती येते ते बघा. १६ ने भाग जायला हवा. ६३ दिसले तर शेवट एकाने पुढे, ६५ दिसले तर एकाने मागे. सुरुवातीला हात लावू नका. ती सहसा बरोबर असते. आकडा सुधारल्यावर आधी केलेली फाइन ट्यूनची सगळी रफू काढून टाका आणि मूळ पट्टीचं गणित वर सांगितल्याप्रमाणे नव्याने करा. जुनी रफू तशीच राहिली तर आता सुरुवात आणि लूप दोन्ही सारखेच चुकीचे वाजतील, आणि मग तुम्ही भलतीकडे शोधत बसाल.

मूळ बीआरआर फाइल हाताशी असेल तर आकडे तिच्याकडूनच घ्या, दुसऱ्या कुणावर विश्वास ठेवायची गरजच नाही. फाइलच्या बाइटना ९ ने भागा. बाकी शून्य आली तर फाइल नुसती आवाजाची. बाकी २ आली तर सुरुवातीचे दोन बाइट लूपचा पत्ता सांगतात. समजा फाइल ११६३ बाइटची आहे. २ वजा केले, ११६१. भागिले ९, १२९ ठोकळे. गुणिले १६, एकूण २०६४ बिंदू. पहिल्या दोन बाइटमधला पत्ता ११२५ निघाला, तर ११२५ भागिले ९ म्हणजे १२५, गुणिले १६ म्हणजे २०००. लूप २००० पासून, लांबी ६४, चार ठोकळे. आता शंकेला जागा नाही. (ते दोन बाइट न काढता फाइल आवाज म्हणून उघडली तर सगळे ठोकळे दोन घरांनी सरकतात आणि नुसती खरखर ऐकू येते. वाद्याऐवजी जुन्या रेडिओची खरखर आली तर कारण बहुतेक वेळा हेच.)

एसएफ२ चा आणखी एक नियम फारसा कुणी वाचत नाही: लूप किमान ३२ बिंदूंचा, सॅम्पल किमान ४८ चा, आणि लूपच्या आधी आणि नंतर किमान ८ बिंदू असावेत. सुपर निन्टेन्डोमधला १६ चा लूप या नियमात बसत नाही. काही प्लेअर तो निमूट वाजवतात, काही लूपच उडवतात, काही कसाबसा वाजवतात. म्हणून छोटा लूप चार-आठ वेळा एकापुढे एक चिकटवून लांब करून घ्यावा, वर शेपटीला आणखी एक फेरी जोडावी. आवाज तोच राहतो आणि कुठल्याही प्लेअरमध्ये चालतो. माझ्या मते तर ६४ चे लूपही असे वाढवूनच ठेवावेत, जागेची चणचण आता कुणाला आहे? शिवाय मग एखाद्या टूलने पुन्हा एकाची चूक केलीच, तर ५१२ च्या लूपला ती साडेतीन सेंटच्या आत राहते.

रूपांतर म्हणजे नक्की काय

आता रेटची राहिलेली गोष्ट. ३२,००० ची फाइल ४४,१०० ला ‘रूपांतरित’ केली की ६४ चा लूप ८८.२ बिंदूंचा होतो. पाव-पाऊण बिंदूची नोंद बहुतेक टूल ठेवतच नाहीत, म्हणून ८८ लिहिलं जातं. लूप जवळजवळ ४ सेंट चढला. एकट्याने वाजवलं तर पटकन कळतही नाही. पण एका वाद्याचा लूप ६४ चा, दुसऱ्याचा १७६ चा, तिसऱ्याचा २५६ चा, असं प्रत्येकाचं पूर्णांकात बसवणं निराळ्या दिशेला जातं, आणि चार वाद्यं एकत्र धरली की सुरावट संथ लहरत राहते. मिक्समध्ये ‘काहीतरी खटकतंय पण सापडत नाही’ म्हणतात ते हेच.

म्हणून सॅम्पल शेवटपर्यंत ३२,००० वरच ठेवायचे. आजचा कुठलाही सॅम्पलर वाजवताना आपलं आपण बदलून घेतो, तिथे लूपची लांबी पूर्णांकात कोंबायची वेळ येत नाही. फसगत होते ती सॅम्पल माउसने ओढून थेट प्रोजेक्टच्या ट्रॅकवर टाकल्यावर: बरेच प्रोग्रॅम तेव्हा न विचारता प्रोजेक्टच्या रेटला बदलून नवी फाइल बनवतात. सॅम्पलरच्या स्वतःच्या खिडकीतून मूळ फाइल उघडा.

आणि दुरुस्ती करूनही आठवड्याभराने दुखणं परत येतं, त्याचं कारणही बहुधा इथेच असतं. आवाज थोडा मोठा करायला, आजूबाजूची शांतता कापायला म्हणून वेव्ह एखाद्या साध्या ऑडिओ एडिटरमध्ये उघडली, सेव्ह केली, की बरेच एडिटर तो एसएमपीएलचा कप्पा फेकून देतात. सुरुवातीचे बिंदू कापले असतील तर कप्पा टिकूनही आकडे चुकतात, कारण लूप जागचा सरकला. एमपी३ चा तर प्रश्नच नाही, त्यात पुढे-मागे शांतता चिकटते आणि लूप गेलाच. मूळ वेव्हच्या शेजारी एक साधी टेक्स्ट फाइल ठेवा: नाव, रेट, लूपची सुरुवात, लांबी, आवर्तनं, मूळ पट्टी, सेंट. एका वाद्याला एक ओळ.

सूर बरोबर, पण टक-टक

लूप फिरताना टिक असा आवाज येतो, तेव्हा पहिला इलाज म्हणून लोक क्रॉसफेड लावतात, म्हणजे लूपचा शेवट आणि सुरुवात एकमेकांत मिसळतात. एका आवर्तनाच्या लूपला क्रॉसफेड म्हणजे लहरीचा आकारच बदलणं. टिक जाईल, वाद्यही जाईल. खरं कारण बीआरआरच्या रचनेत आहे.

प्रत्येक ठोकळ्याच्या माहितीच्या बाइटमध्ये फिल्टरचा क्रमांक असतो, ० ते ३. फिल्टर ० असेल तर ठोकळा स्वतंत्र उलगडतो. १ असेल तर आधीचा एक बिंदू लागतो, २ आणि ३ ला आधीचे दोन. आता लूपचा पहिला ठोकळा बघा. पहिल्यांदा त्याच्याकडे येताना आधीचे दोन बिंदू फुंकराच्या शेवटचे असतात. दुसऱ्यांदा येताना तेच दोन बिंदू लूपच्या शेवटचे असतात. बाइट तेच, पण उलगडलेला आवाज वेगळा. मशीन दर फेरीला नव्याने उलगडतं, म्हणून तिथे सगळं गुळगुळीत. तुमच्या टूलने मात्र फाइल एकदाच सुरुवातीपासून शेवटपर्यंत उलगडली आणि वेव्ह करून दिली. त्या वेव्हमध्ये लूपची पहिली फेरी आहे, जी मशीनमध्ये एकदाच वाजते. तीच फिरवली की सांध्यावर टिक येणारच.

उपाय सोपा आहे: लूप दोन-तीन फेऱ्या उलगडून घ्यायचा आणि लूपची खूण दुसऱ्या किंवा तिसऱ्या फेरीवर लावायची. बऱ्याच टूलमध्ये लूप किती वेळा वाजवायचा हे विचारणारा पर्याय असतो. सुरुवात मग २००० ऐवजी २०६४ किंवा २१२८ होईल, लांबी तीच ६४. आधी सांगितलेलं लूप लांब करण्याचं कामही यातच होऊन जातं.

टिक पट्टी सोडताना येत असेल तर लूपचा दोष नाही. सुपर निन्टेन्डोमध्ये स्वर सोडल्यावर आवाज मिटायला ठरलेला वेळ लागतो, पूर्ण आवाजापासून सुमारे ८ मिलिसेकंद. तुमच्या सॅम्पलरचा रिलीज शून्यावर असेल तर तो मधेच तुटतो. ८ ते १० मिलिसेकंद द्या.

आता सुरात आहे, पण गेमसारखं वाटत नाही

इथे थोडक्यात आटपतो, कारण हा बिघाड नाही, फक्त मशीनचा उरलेला अर्धा भाग तुमच्याकडे आलेला नाही. सॅम्पल फार चमकदार, धातूसारखे वाटतात? मशीनमधलं गॉसियन इंटरपोलेशन (दोन बिंदूंमधली जागा भरायची पद्धत) वरचे सूर दाबतं. सॅम्पलरमध्ये उत्तम दर्जाच्या इंटरपोलेशनऐवजी साधं लीनियर निवडा आणि वर हळू उतरणारा लो-पास (वरचे सूर कापणारा फिल्टर) लावा, कानाला पटेल तेवढाच.

स्वर धरल्यावर गेममध्ये हळूहळू विरतो आणि तुमच्याकडे सपाट राहतो? मशीनच्या एन्व्हलपमध्ये सस्टेनची (आघात ओसरल्यावर स्वर टिकतो ती) पातळी गाठल्यावरही आवाज उतरत राहण्याचा वेग दिलेला असतो. एसएफ२ मध्ये ती सोयच नाही, तिथे सस्टेन म्हणजे सपाट. सस्टेन अगदी खाली आणि डीके (त्या पातळीपर्यंत उतरायचा वेळ) लांब ठेवून जवळपास जाता येतं.

एको मात्र मनापासून करा. या मशीनच्या आवाजाची निम्मी ओळख त्यातच आहे. एकोचा उशीर १६ मिलिसेकंदांच्या पटीतच मिळायचा, जास्तीत जास्त २४०, आणि दर १६ ला २ किलोबाइट मेमरी जायची. पूर्ण २४० घेतला तर ६४ पैकी ३० किलोबाइट एकोलाच. वाद्यं कुठे ठेवायची? म्हणून बरेच संगीतकार छोट्या उशीरावर समाधान मानत. डिले प्लगइन टेम्पोला जुळवू नका. ४८, ६४, ८० असं काहीतरी मिलिसेकंदात द्या, फीडबॅक मध्यम, आणि फीडबॅकच्या वाटेवर लो-पास. ड्रम सहसा कोरडे.

पॅक न वापरता स्वतः एसपीसी फाइलमधून वाद्यं काढत असाल तर एक लक्षात असू द्या: ती फाइल म्हणजे त्या ६४ किलोबाइटचा एका क्षणीचा फोटो, एकूण ६६,०४८ बाइट. त्या गाण्याला लागणारीच वाद्यं त्यात सापडतील. सॅम्पलच्या यादीत जुन्या, आता पुसल्या गेलेल्या जागांचे पत्तेही असू शकतात, आणि एकोच्या जागेतला आवाजही टूलला वाद्य वाटू शकतो. यादीतली दोन-चार वाद्यं नुसता कचरा निघाली तर तो बिघाड समजू नका, खोडून टाका. आणि गेममधलं मूळ साहित्य कुणाच्या तरी मालकीचं आहे, पैसे घेऊन प्रसिद्ध करायच्या कामात ते वापरायच्या आधी विचार करा.

उलट दिशेने: आपलं वाद्य मशीनमध्ये

फर्नेससारख्या ट्रॅकरमध्ये (तक्त्यात स्वर लिहून संगीत रचायचं सॉफ्टवेअर) सुपर निन्टेन्डोची चिप निवडून स्वतःची पेटी किंवा बासरी त्यात घालणारेही आता बरेच आहेत, आणि त्यांना हाच त्रास उलटा होतो. तुमच्या पेटीचा सुंदर लूप १०० बिंदूंचा आहे. १०० ला १६ ने भाग जात नाही. टूल गुपचूप शेपूट कापून ९६ करतं आणि लूप ७१ सेंट चढतो, वर टिक. दोन मार्ग आहेत. लूप चार वेळा जोडा: ४०० बिंदू, २५ ठोकळे, २२५ बाइट. किंवा अख्खा सॅम्पल, फुंकरासकट, ९६/१०० च्या प्रमाणात रीसॅम्पल करा आणि चढलेले ७१ सेंट ट्यूनिंगमध्ये वजा करा. लूप फक्त ५४ बाइटमध्ये बसतो. नुसता लूप रीसॅम्पल करून फुंकर तसाच ठेवायचा नाही, नाहीतर सुरुवात एक आणि पुढे दुसरंच, म्हणजे पुन्हा पहिल्या परिच्छेदातली बासरी. लूपची सुरुवातही १६ च्या पटीत हवी. नसेल तर सॅम्पलच्या अगदी पुढे आवश्यक तेवढे शून्य जोडा, मधून काही कापू नका.

एवढं करूनही जमत नसेल तर सी७०० हे प्लगइन घ्या. ते सुपर निन्टेन्डोच्या डीएसपीसारखं वाजतं आणि बीआरआर फाइल थेट उघडतं, मधली सगळी रूपांतरं टळतात. तिथे वाद्य सुरात आणि तुमच्या सॅम्पलरमध्ये बेसूर, तर चूक रूपांतरात. तिथेही बेसूर, तर मूळ पट्टी चुकीची किंवा सॅम्पल काढतानाच गोंधळ झालाय.

आणि क्वचित असंही निघतं की गेममध्येच ते वाद्य किंचित हललेलं आहे. मशीनमध्ये स्वराची उंची पूर्ण आकड्यांतच सांगता येते, ४०९६ म्हणजे मूळ वेग. १६ च्या लूपवरून, म्हणजे मूळ २००० हर्ट्झवरून, १२५ हर्ट्झचा बेस काढायचा तर आकडा २५६ येतो, आणि २५६ ते २५७ ही एक पायरी जवळजवळ ७ सेंटची आहे. हवा तो स्वर दोन पायऱ्यांच्या मध्ये पडला तर सुमारे ३ सेंटपर्यंतचा फरक तसाच राहायचा. तुम्ही मूळ रेकॉर्डिंगशी ताडून बघत असाल आणि फक्त खालचा बेस एवढासा सुटत असेल, तर सॅम्पलर बरोबर आहे, गेमच हललेला आहे.